आयटी पार्क नंतर बांधा, आधी बसायला टेबल द्या

रविवारी रात्री साडेदहाला तावडे हॉटेलच्या चौकात जाऊन जरा उभे राहा. पाठीला लॅपटॉपची सॅक, एका हातात भडंगाची पिशवी, दुसऱ्या हातात आईने बांधून दिलेला डबा, अशी पंचविशी-तिशीतली पोरंपोरी पुण्याच्या ट्रॅव्हल्सची वाट बघत असतात. सोडायला आलेले वडील स्कूटर स्टँडवर लावून उगाच इकडेतिकडे बघतात. गाडी आली की "पोचलास की फोन कर" एवढंच. दर रविवारी हेच. आपण या गर्दीला इतके सरावलोय की यात काही चुकतंय असं आता वाटतही नाही.

या गर्दीत माझा धाकटा भाऊही असतो. 2020 च्या मार्चमध्ये लॉकडाऊन लागायच्या आदल्या आठवड्यात तो हिंजवडीतून घरी आला आणि पुढे तीन वर्षं इथूनच काम करत राहिला. त्या तीन वर्षांत त्याला प्रमोशन मिळालं. काम वेळेत झालं नाही अशी तक्रार एकदाही आली नाही, उलट रात्री अकरालाही कॉल घ्यायचा म्हणून घरात आमच्या शिव्या खायचा. आईच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं तेव्हा दोन महिने तिला धरून चालवलं त्यानंच. मग एक दिवस मेल आली, ऑफिसला या. आता तो वाकडला तिघांत एक फ्लॅट घेऊन राहतो, पगारातला मोठा तुकडा भाड्यात आणि कॅबमध्ये घालवतो, आणि ऑफिसात जाऊन काय करतो? कानाला हेडफोन लावून बंगळूरच्या आणि टेक्सासच्या माणसांशी बोलतो. त्याच्या टीममधला एकही माणूस त्या इमारतीत बसत नाही! मग त्याला दीडदीड तास ट्रॅफिकमधून तिथं नेऊन बसवायचं कशासाठी, ते त्याच्या मॅनेजरलाही सांगता आलं नाही.

ही एकट्याची गोष्ट नव्हे. 2020 मध्ये टीसीएसने गाजावाजा करून सांगितलं होतं की 2025 पर्यंत आमच्या फक्त 25 टक्के लोकांनाच ऑफिसात यावं लागेल. 2023 च्या ऑक्टोबरपासून त्याच कंपनीने पाच दिवस ऑफिस लावलं. सरकारनेही तेव्हा वाट मोकळी केली होती. दूरसंचार खात्याने 2020 च्या नोव्हेंबरमध्ये आयटी आणि बीपीओ कंपन्यांवरच्या जुन्या अटी काढून टाकल्या, घरून काम करणं सोपं केलं. म्हणजे तंत्र होतं, परवानगी होती, तीन वर्षांचा अनुभवही होता. हे सगळं असताना पोरं परत गेली.

कंपन्यांचं सगळंच खोटं आहे असं मी म्हणणार नाही. कॉलेजातून नुकतं बाहेर पडलेलं पोरगं बेडरूममध्ये एकटं बसून काम शिकत नाही. शेजारच्या टेबलावरचा सिनियर चूक कशी दुरुस्त करतो ते बघूनच ते शिकतं. माझ्या भावालाही पहिल्या दोन वर्षांत जे मिळालं ते ऑफिसातच मिळालं, हे तो स्वतः कबूल करतो. पण दहा वर्षं काम केलेल्या माणसाला हेच कारण सांगायचं म्हणजे म्हाताऱ्याला बालवाडीत बसवण्यातला प्रकार झाला.

आणि घरून काम म्हणजे स्वर्ग असंही कुणी समजू नका. आमच्या गल्लीत एक सून आहे, ती अजूनही घरूनच काम करते. सकाळी कॉलवर असताना दार वाजलं की दूध तिनंच घ्यायचं, पाहुणे आले की चहा तिनंच टाकायचा, कारण 'ती काय घरातच असते की'. ऑफिसचे नऊ तास आणि घरचे नऊ तास एकाच खोलीत. शिवाय सोमवारी मेंटेनन्सला लाईट जाते. कोल्हापूरच्या बाजाराला सोमवारची सुट्टी, म्हणून आपल्याला ते सोयीचं. पण तिच्या कंपनीची आठवड्याची मोठी मीटिंग नेमकी सोमवारी सकाळी. इन्व्हर्टर तिचा, नेटचं बिल तिचं, पाठ मोडणारी खुर्चीही तिचीच. कंपनीने जागेचं भाडं वाचवलं ते गेलं कुणाच्या खिशातून, याचा हिशोब कुणी केलाय का?

म्हणून मी घर की ऑफिस या भांडणात पडत नाही. माझं म्हणणं तिसऱ्याच जागेबद्दल आहे. घरापासून दहा मिनिटांवर, लाईट न जाणारी, नेट न तुटणारी, दार लावून बोलता येईल अशी जागा.

तुम्ही म्हणाल, कोवर्किंग आहेत की. आहेत. पण पुण्या-मुंबईत आता या शब्दाचा अर्थ बदललाय. एकटा फ्रीलान्सर, दोघा मित्रांचा स्टार्टअप यांच्यासाठी म्हणून हे सुरू झालं. आज बाणेर-खराडीत मजलेच्या मजले एकेका मोठ्या कंपनीला दिलेले असतात, वर बोर्ड तेवढा कोवर्किंगचा. ऑफीस, स्मार्टवर्क्स अशा कंपन्या शेअर बाजारात उतरल्या त्या काही फ्रीलान्सरच्या जिवावर नव्हे. त्यांचा धंदा त्यांनी करावा, माझं काही म्हणणं नाही. फक्त त्याला कामाच्या जगातली क्रांती वगैरे म्हणू नये, ते भाड्याचंच ऑफिस आहे, रंगीत खुर्च्यांचं.

आपल्याकडे राजारामपुरीत, ताराबाई पार्कात कुणी धडपड्या माणूस कॉम्प्लेक्सच्या दुसऱ्या मजल्यावर गाळा घेऊन पंधरा टेबलं टाकतो. ते खरं कोवर्किंग. पण त्याचं गणित जुळत नाही, कारण भाडं तो व्यापारी दराने भरतो, वीज व्यापारी दराने, आणि टेबलाच्या भाड्यावर 18 टक्के जीएसटी. हा कर भरतो कोण? स्वतःचा व्यवसाय असला तर टेबलाचं भाडं खर्चात दाखवता येतं. नोकरदाराला तेही नाही, त्याला पै न् पै पगारातून द्यावी लागते. कंपनी म्हणते ऑफिसला ये नाहीतर तुझं तू बघ. मग तो विचार करतो, यापेक्षा वाकड परवडलं.

आता आपल्या पुढाऱ्यांकडे या. कोल्हापूरला आयटी पार्क पाहिजे ही मागणी ऐकत माझे केस पांढरे झाले. टेंबलाईवाडी झालं, शेंडा पार्क झालं, निवेदनं झाली, फोटो झाले. मागणी चूक नाही, व्हावं आयटी पार्क. पण 2020 ते 2023 या काळात आयटीतलं काम स्वतःच्या पायाने चालत कोल्हापुरात आलं होतं हो! एक एकर जमीन न देता, एक रुपयाची सवलत न देता. गल्लीगल्लीत पुण्या-बंगळूरचा पगार येत होता आणि इथल्या किराणा दुकानात, इथल्या सुताराकडे, इथल्या डॉक्टरकडे खर्च होत होता. तेव्हा आपण त्या पोरांना एक टेबल दिलं नाही. 2020 च्या नोव्हेंबरमध्येच महापालिकेची मुदत संपली आणि पुढची पाच वर्षं प्रशासक होता, त्यामुळे विचारायचं तरी कुणाला हाही प्रश्नच होता. पण आपण नागरिकांनी तरी कुठे विचारलं?

शाहू महाराजांचं नाव आपण रोज घेतो म्हणून सांगतो. राजाराम कॉलेज त्यांच्या आधीपासून होतं. खेड्यातल्या पोराची अडचण कॉलेज नसण्याची नव्हती, कोल्हापुरात राहायचं कुठे ही होती. 1901 मध्ये व्हिक्टोरिया मराठा बोर्डिंग निघालं, मग जैन, लिंगायत, मुस्लिम बोर्डिंग, अस्पृश्य मुलांसाठी मिस क्लार्क होस्टेल. महाराजांनी नेमकं अडलं कुठे ते बघितलं आणि तिथे जागा दिली. आज काम आहे, पोरं हुशार आहेत, फायबर घरापर्यंत आलंय. अडलंय ते बसायच्या जागेशी.

जागा नाही म्हणू नका. पटसंख्या कमी झालेल्या महापालिकेच्या शाळांच्या खोल्या बघा, वर्षानुवर्षं न गेलेले गाळे बघा. करवीर नगर वाचन मंदिर 1850 सालचं. म्हणजे वर्गणी भरून एका छताखाली शांत बसायचं, दिवा-टेबल वाटून घ्यायचं, ही कल्पना या गावाला पावणेदोनशे वर्षं ठाऊक आहे. एमपीएससीच्या पोरांच्या अभ्यासिका बघा, महिन्याचे पैसे भरून खुर्ची मिळते, रात्री बारापर्यंत दिवे चालू. त्यात कॉल घ्यायला दोन बंद खोल्या आणि जनरेटर जोडला की झालं.

बाहेर हे लोक करतायत. केरळ सरकारने 'वर्क नियर होम' नावाने लहान गावांत अशी केंद्रं काढायची योजना आखली, सुरुवातीला कोट्टारक्करासारखं गाव घेतलं. तामिळनाडूत तेनकाशीजवळच्या मत्तलमपारैसारख्या खेड्यात झोहोचं ऑफिस 2011 पासून चालू आहे. ती माणसं काही आपल्यापेक्षा वेगळं पाणी पीत नाहीत.

कायद्याचं म्हणाल तर तिथे आनंद आहे. केंद्राने 2020 च्या शेवटी सेवा क्षेत्रासाठी नियमांचा मसुदा काढला, त्यात घरून कामाचा उल्लेख होता, पण मालक-नोकराच्या कराराच्या हवाली करून. म्हणजे मालक म्हणेल ते. ऑफिस सुटल्यावर फोन न उचलण्याचा हक्क मागणारं खासगी विधेयक सुप्रिया सुळेंनी 2018 मध्ये लोकसभेत मांडलं, 2025 मध्ये पुन्हा मांडलं. अजून कायदा नाही.

एक बाजू मात्र मला सतावते. हिंजवडीत डबे देणाऱ्या मावश्या, चहाची टपरी, कॅबवाले, सिक्युरिटीवाले यांचं 2020 मध्ये काय झालं ते आपण पाहिलंय. काम इकडे आलं की तिकडे कुणाचं तरी पोट मारलं जातं. त्याचं सोपं उत्तर माझ्याकडे नाही. पण त्या मावशींतल्या कितीतरी याच भागातून, पाटण-शाहूवाडीकडून तिकडे गेलेल्या असतात. पोरं इथे बसली तर डबा इथेही लागेलच.

तर महापालिकेकडे आणि नव्या नगरसेवकांकडे माझं मागणं एवढंच. प्रत्येक उपनगरात एक खोली, 20 टेबलं, दोन नेट कनेक्शन, सोमवारी चालणारा जनरेटर, बायकांना निर्धास्त जाता येईल असं स्वच्छतागृह. भाडं घ्या, फुकट कुणी मागत नाही. एक केंद्र सहा महिने चालवून हिशोब लोकांसमोर मांडा. अर्ज मी लिहितोय, पुढच्या सोमवारी अकरा वाजता घेऊन जाणार आहे. ज्यांची पोरं रविवारी तावडे हॉटेलला उभी असतात त्यांनी सहीला यावं.