जाहीर आवाहन : थकलेल्या हप्त्याचा निवाडा पोलीस ठाण्यात होत नाही

राळेगणसिद्धी व पंचक्रोशीतील सर्व वाहनधारक, कर्जदार, जामीनदार आणि उसनवार देणाऱ्या ग्रामस्थांस कळविण्यात येते की, दुचाकी, पिकअप किंवा ट्रॅक्टरचा हप्ता थकला अथवा जुन्या गाडीच्या व्यवहारातील रक्कम बाकी राहिली, तर तो मुळात दिवाणी, म्हणजे पैसा व करार यांविषयीचा वाद असतो आणि त्याचा निवाडा न्यायालयाने अथवा करारात ठरलेल्या लवादाने करावयाचा असतो.

कर्जाऊ वाहनाच्या आरसी बुकावर वित्तसंस्थेच्या नजरगहाणाची नोंद असते. म्हणजे गाडी कर्जदाराच्या ताब्यात राहते, परंतु कर्ज फिटेपर्यंत तिच्यावर संस्थेचा बोजा असतो. तो बोजा खरा आहे आणि कर्ज फेडणे हे कर्जदाराचे कर्तव्यच आहे. मात्र तेवढ्यावरून रस्त्यात गाडी अडवून, चावी हिसकावून ती ओढून नेण्याचा अधिकार कोणालाही मिळत नाही. आयसीआयसीआय बँक विरुद्ध प्रकाश कौर या ट्रकच्या कर्जासंबंधीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्येच बजावले आहे की, वसुली गुंडांकरवी नव्हे, तर कायदेशीर मार्गानेच झाली पाहिजे. रिझर्व्ह बँकेच्या १२ ऑगस्ट २०२२ च्या परिपत्रकाने वसुलीसाठी सकाळी आठपूर्वी व सायंकाळी सातनंतर फोन करण्यासही मनाई केली आहे.

गाडी नेण्यापूर्वी वसुली एजंट अनेकदा पोलीस ठाण्यात पूर्वसूचनेचे पत्र देऊन पोचेचा शिक्का घेतात आणि तोच कागद कर्जदारापुढे धरतात. परंतु हा शिक्का केवळ पत्र मिळाल्याची खूण असून जप्तीचा आदेश नव्हे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०६ नुसार पोलीस चोरीची किंवा गुन्ह्याशी संबंधित असल्याचा संशय असलेली मालमत्ता जप्त करू शकतात, आणि केवळ हप्ता थकणे म्हणजे असा संशय नव्हे. त्यामुळे गाडी ठाण्याच्या आवारात लावून ‘आधी पैसे भरा, मग गाडी न्या’ असे सांगितले जात असेल, तर ते कायद्याला धरून नाही.

याउलट मारहाण, दमदाटी, बळाने हिसकावणे, अथवा बनावट ना-हरकत पत्र दाखवून नजरगहाण असलेली गाडी विकणे हे गुन्हे आहेत आणि तेथे पोलिसांनी दखल घेतलीच पाहिजे. विनापरवाना सावकाराने व्याजापोटी गाडी अडकवली असल्यास, २०१४ च्या महाराष्ट्र सावकारी नियमन अधिनियमाखाली सहकार खात्याच्या सहायक निबंधकाकडे तक्रार करता येते.

म्हणून सर्वांना आवाहन आहे की, घेणेकऱ्याने पैशासाठी ओळखीचा पोलीस शोधू नये आणि देणेकऱ्याने नोटीस दडवू नये. गाडी मागणाऱ्याकडे ओळखपत्र, संस्थेचे अधिकारपत्र व न्यायालयाचा किंवा लवादाचा आदेश असल्यास तो मागावा. गाडी द्यावी लागलीच, तर किलोमीटरचा आकडा, स्टेपनी व आतील सामान यांची नोंद असलेली ताबापावती घ्यावी. बळाचा वापर झाल्यास ११२ वर कळवावे, आणि ठाण्याने दखलपात्र गुन्ह्याची तक्रार नोंदविण्यास नकार दिल्यास भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) नुसार पोलीस अधीक्षकांकडे ती लेखी पाठवावी.

माहितीच्या अधिकारासाठी अण्णा हजारे यांनी दिलेल्या लढ्यामुळे ज्या गावाचे नाव देशभर पोहोचले, त्या गावात तोंडी धाकावर कोणाची गाडी जाऊ नये आणि कोणाचे हक्काचे पैसेही बुडू नयेत, यासाठी प्रत्येक व्यवहार कागदावर व प्रत्येक तक्रार लेखी करावी, ही सर्व ग्रामस्थांस कळकळीची विनंती.