माघार, पण हक्क राखून

दावा मागे घेणाऱ्याला १९०८च्या दिवाणी प्रक्रिया संहितेने एक अट घातली: त्याच कारणावर पुन्हा दाद मागायची असेल, तर न्यायालयाकडून आधी तशी मुभा घ्या. १९८६मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सरगुजा ट्रान्सपोर्टच्या प्रकरणात हेच तत्त्व उच्च न्यायालयातल्या रिट याचिकांनाही लावले. तेव्हापासून माघार घेताना मुभा नोंदवून घ्यायची राहिली, की तीच याचिका घेऊन पुन्हा त्या दारात जाता येत नाही. सामान्य पक्षकाराला हा नियम कसून लागतो.

सरकारचे तसे नाही. १९७१-७२च्या दुष्काळी कामांत आपली जमीन गेली, मोबदला मिळाला नाही, अशी तक्रार घेऊन महाराष्ट्रातला एक शेतकरी १९९१मध्ये मुंबई उच्च न्यायालयात गेला आणि जिंकला. अशाच आधीच्या प्रकरणांत सरकारने अपील केले नव्हते. तरीही १९९५मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याच्याविरुद्धचे सरकारचे अपील मान्य केले. वीस वर्षांचा विलंब त्याला नडला. सरकारचे आधीचे मौन मात्र सरकारला नडले नाही.

प्राप्तिकरात हा प्रश्न आणखी टोकदार झाला. एका करदात्याच्या बाबतीत निकाल मुकाट्याने मान्य करायचा आणि दुसऱ्याच्या बाबतीत सबळ कारणाशिवाय त्यालाच आव्हान द्यायचे, हे चालणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००४मध्ये बर्जर पेंट्सच्या प्रकरणात बजावले. संसदेने २००८मध्ये प्राप्तिकर कायद्यात कलम २६८ए आणले आणि तेही १ एप्रिल १९९९पासून लागू धरले. रक्कम लहान म्हणून प्राप्तिकर खात्याने अपील केले नाही, तर त्यावरून खात्याला तो निकाल मान्य आहे, असे म्हणण्याची वाट या कलमाने बंद केली.

लहान अपिले सोडून देणे योग्यच आहे. मुंबई उच्च न्यायालयाने २००५मध्ये रुपयाची घटलेली किंमत आणि खटल्यांचा वाढता खर्च पाहून अपिलासाठीची नवी किमान रकमेची मर्यादा जुन्या प्रलंबित प्रकरणांनाही लावली, ते शहाणपणाचे होते. सप्टेंबर २०२४पासून ही मर्यादा प्राप्तिकर अपील न्यायाधिकरणासाठी ६० लाख, उच्च न्यायालयासाठी २ कोटी आणि सर्वोच्च न्यायालयासाठी ५ कोटी रुपये आहे. त्याखालचा करदाता या खर्चातून सुटतो, न्यायालयांवरचा भारही हलका होतो.

पण सुटका पुरती होत नाही. प्राप्तिकरात प्रत्येक वर्ष स्वतंत्र. सोलापूरच्या एखाद्या व्यापाऱ्याविरुद्धचे अपील खात्याने या मर्यादेमुळे, कायदेशीर प्रश्न खुला ठेवून मागे घेतले, तरी पुढच्या वर्षी तोच अधिकारी तोच मुद्दा उकरून काढू शकतो. वस्तुस्थिती तीच असेल तर वर्षानुवर्षे मान्य झालेली भूमिका उगाच बदलू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९१मध्ये राधास्वामी सत्संगच्या निकालात सांगितले आहे. ते सांगायलाही त्या व्यापाऱ्याला वकील करावा लागतो, आणि फी त्याच्याच खिशातून जाते.

एकाच कायदेशीर प्रश्नावरचे प्रकरण वर प्रलंबित असेल, तर खात्याने अपील लांबणीवर टाकावे, अशी सोय २०२२च्या कलम १५८एबीने केलीच आहे. म्हणजे खाते ते वरचे प्रकरण हुडकू शकते. मग माघारीच्या प्रत्येक अर्जात त्या प्रकरणाचे नाव लिहिणे सक्तीचे करावे: कोणता प्रश्न खुला ठेवला आणि तो सध्या कोणत्या प्रकरणात लढवला जात आहे. असे प्रकरणच नसेल, तर मागे घेतलेल्या अपिलातला निकाल निदान त्या करदात्यापुरता पुढच्या वर्षांनाही खात्याने पाळावा, असे केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाच्या पुढच्याच परिपत्रकात लिहून यावे.