'पडीक' म्हणू नका

मी शाळामास्तर. चुकीचा शब्द दिसला की तांबडी शाई काढतो. 'पडीक' हा तसलाच शब्द. सरकारच्या पडीक जमिनींच्या नकाशात झुडपी रानही याच सदरात घातलेले आहे.

वाचकहो, पावसाळ्यात डोंगरपायथ्याच्या काटेरी जाळीत डोकावून पाहा. नशीब असेल तर कंदीलपुष्पाचा दुर्मीळ वेल दिसेल. फूल म्हणजे इवलासा आकाशकंदीलच! १७५३ साली लिनियसने याच्या एका जातीला दीपवृक्षाचे नाव दिले. आत शिरलेली चिमुकली माशी खाली वळलेल्या केसांमुळे अडकते. केस कोमेजले की पराग घेऊन सुटते.

पाऊस सरला की वेल वाळतो, जीव कंदात राहतो. आणि आपण झाडांसाठी खड्डे खणतो ते उन्हाळ्यात, वेल दिसत नसतो तेव्हा! २०१९ साली राज्याने ३३ कोटी झाडांचा संकल्प सोडला. झाडे जरूर लावा. पण जाळी तोडून, कंद उकरून तिथे परदेशी गिरिपुष्प लावणे, याला वृक्षप्रेम कसे म्हणावे? कंद खाणारा गुराखी निदान त्याला ओळखतो तरी!

माझे मागणे मोठे नाही. कुदळ उचलण्याआधी एक पावसाळा ते रान नुसते पाहा.