मजुराच्या घराचे माप

गावात पाहुणा आला की आपण इंदूरकर त्याला आधी राजवाडा दाखवतो, मग लालबाग. गिरणीकामगाराची खोली दाखवावी असे कोणाच्या मनातही येत नाही. लंडनच्या केनिंग्टन उद्यानात मात्र मजुरांसाठी म्हणून बांधलेले एक साधे दुमजली घर संरक्षित वास्तू म्हणून आजही उभे आहे. त्याची हकीकत मनोरंजक आहे, आणि थोडी बोचणारीही.

१० एप्रिल १८४८ रोजी त्याच जागी, तेव्हाच्या मोकळ्या माळावर, मताधिकार मागणाऱ्या चार्टिस्ट चळवळीची प्रचंड सभा भरली होती. दंग्याच्या धास्तीने राजकुटुंब दोन दिवस आधीच लंडनबाहेर गेले होते. पुढच्याच महिन्यात राणी व्हिक्टोरियाचे पती प्रिन्स अल्बर्ट यांनी श्रमिकांची स्थिती सुधारू पाहणाऱ्या एका संस्थेच्या सभेचे अध्यक्षपद भूषविले. मताची मागणी फेटाळली गेली. घराच्या प्रश्नाला मात्र राजाश्रय मिळाला.

१८५१ च्या विख्यात प्रदर्शनाच्या वेळी हाइड पार्कजवळ, घोडदळाच्या बराकीपाशी, त्या संस्थेचे वास्तुशिल्पी हेन्री रॉबर्ट्स यांनी हे नमुन्याचे घर उभारले. चार कुटुंबांची चार बिऱ्हाडे, मध्ये उघडा जिना. प्रत्येक बिऱ्हाडात बसाउठायची खोली, आईबापांची निजायची खोली, मुलगे व मुली यांच्यासाठी दोन वेगळ्या लहान खोल्या, मोरी आणि स्वतःचा संडास. ओल शिरू नये म्हणून विटा पोकळ. आग पसरू नये म्हणून तक्तपोशीला लाकूड नाही. अडीच लाखांहून अधिक लोक हे घर पाहून गेले.

प्रदर्शन संपल्यावर घर उतरवून केनिंग्टनच्या त्या माळावर पुन्हा बांधण्यात आले. माळाला कुंपण पडून १८५४ साली तिथे उद्यान झाले आणि घरात मजूर नव्हे, तर उद्यानाचे रखवालदार राहू लागले. त्या नमुन्यावर इतरत्र काही घरे झाली खरी. पण लंडनचे असंख्य मजूर एकेका खोलीत अख्खे कुटुंब कोंबून दिवस काढीतच राहिले.

मग हे घर व्यर्थ गेले काय? आम्हांला तसे वाटत नाही. माणसाला निदान किती जागा, किती हवा, किती आडोसा हवा, याचे माप त्यात विटांनी नोंदले आहे. असे माप एकदा डोळ्यांसमोर उभे राहिले की कमी देणाऱ्याला अज्ञानाची सबब उरत नाही.

असा विचार आपल्या शहरातही झाला होता. पॅट्रिक गेडिस यांनी १९१८ साली होळकर दरबारला दोन खंडांचा अहवाल दिला. त्यात गिरणीमजुरांच्या घरांचा विचार आहे, आणि जुन्या वस्त्या सरसकट न पाडता सुधाराव्यात असा आग्रहही आहे. पुढे गिरण्या थंडावल्या. हुकुमचंद गिरणी १९९१ साली बंद पडली. तिच्या भोंग्यावर ज्यांचा दिवस उगवे, ती माणसे आता थकली आहेत.

राजवाड्याची डागडुजी अवश्य व्हावी. पण गिरणीभागातील एक बिऱ्हाड तरी मोरी, फळ्या, खुंट्यांसकट जसेच्या तसे राखावे, आणि तिथे संसार केलेल्या वृद्धांकडून त्याची हकीकत लिहून घ्यावी. हे काम खर्चाचे नाही. मात्र त्याला आता फार वेळही उरलेला नाही.