मरणाची किंमत जात ठरवणार की कायदा?

डिसेंबर २०१९ मध्ये मुंबईत गोवंडी येथे एका गृहनिर्माण सोसायटीची सेप्टिक टाकी साफ करताना तीन कामगार गुदमरून मेले. त्यांच्या विधवांना भरपाईसाठी थेट उच्च न्यायालयाची पायरी चढावी लागली. सप्टेंबर २०२१ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने राज्य सरकारला प्रत्येकीस १० लाख रुपये देण्याचा आदेश दिला. ही रक्कम सरकारने जबाबदार असलेल्यांकडून वसूल करावी, असेही सांगितले. निकाल स्वागतार्हच आहे. परंतु प्रश्न असा की, गटारात माणूस उतरवण्यास बंदी करणारा कायदा ६ डिसेंबर २०१३ पासून, म्हणजे बाबासाहेबांच्या महापरिनिर्वाणदिनापासून, या देशात लागू असताना एका विधवेला हक्काच्या पैशांसाठी रिट याचिका का करावी लागते?

याचे उत्तर एका दुर्लक्षित कायद्यात दडले आहे. त्याला अपकृत्य कायदा म्हणतात. दुसऱ्याच्या निष्काळजीपणामुळे आपले नुकसान झाले तर त्याने ते भरून द्यावे, हा त्याचा साधा अर्थ. गुन्हेगाराला तुरुंगात पाठवणे हे फौजदारी कायद्याचे काम. उघड्यावर पडलेले कुटुंब उभे करणे हे अपकृत्य कायद्याचे काम. भारतात हा कायदा एका जागी लिहिलेला नाही. तो इंग्रजी अमदानीतील निवाड्यांतून आपल्याकडे आला आणि तसाच विस्कळीत राहिला. अपराधी जेव्हा खुद्द सरकार असते, तेव्हा तर तो अधिकच पंगू होतो.

इतिहास पाहा. कलकत्त्याच्या खिदिरपूर गोदीत सरकारी कामगारांच्या हातून लोखंडी तुकडा पडला, त्या आवाजाने एका आगबोट कंपनीच्या गाडीचा घोडा बुजला आणि जखमी झाला. १८६१ साली न्यायालयाने कंपनीला सरकारकडून भरपाई मिळवून दिली. पण त्याच निकालात एक मेख मारून ठेवली. सरकार व्यापारी स्वरूपाचे काम करत असेल तर जबाबदार. सार्वभौम सत्ता वापरत असेल तर नाही! पुढे १९४७ साली मेरठच्या पोलिसांनी एका व्यापाऱ्याचे सोने जप्त केले आणि हेडकॉन्स्टेबलच ते घेऊन पाकिस्तानात पळाला. अटक आणि जप्ती ही सार्वभौम कामे आहेत, म्हणून सरकार काही देणे लागत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९६४ साली कस्तुरीलाल खटल्यात ठरवले. सोन्याच्या मालकाची ही गत, तर पोलीस कोठडीत मेलेल्या भूमिहीनाची काय कथा?

संविधानाने मात्र दार उघडे ठेवले आहे. अनुच्छेद ३०० मध्ये सरकारवरील दाव्यांची जुनी व्यवस्था चालू ठेवली. पण संसदेने वा विधिमंडळाने वेगळा कायदा केल्यास तो लागू होईल, असेही लिहिले. विधी आयोगाने आपल्या पहिल्याच अहवालात, १९५६ साली, असा कायदा करावा अशी शिफारस केली. कस्तुरीलाल खटल्याचा निकाल देणारे सरन्यायाधीश गजेंद्रगडकर यांनीही ही गरज बोलून दाखवली. १९६५ आणि १९६७ साली संसदेत विधेयके आली आणि बारगळली. ज्या इंग्रजांकडून आपण हे तत्त्व उचलले, त्यांनी स्वतःच्या देशात १९४७ सालीच कायदा करून सरकारला दाव्याच्या कक्षेत आणले. आपण अजून त्यांचे जुने जोडे घालून चालतो आहोत.

काही विधिज्ञ म्हणतात, कायद्याची गरज काय? न्यायालये रिटमध्ये भरपाई देतातच. खरे आहे. बाबासाहेबांनी ज्या अनुच्छेद ३२ ला संविधानाचा आत्मा म्हटले, त्याच्याच बळावर हे झाले. निर्दोष सुटल्यावरही १४ वर्षे तुरुंगात डांबलेल्या रुदुल शाहला १९८३ साली ३५ हजार रुपये मिळाले. १९९३ साली नीलाबती बेहरा खटल्यात कोठडीत मेलेल्या मुलाच्या आईला दीड लाख मिळाले आणि मूलभूत हक्कांच्या भंगात सार्वभौमत्वाची ढाल चालणार नाही, असे न्यायालयाने बजावले. पण ही रक्कम न्यायाधीशांच्या विवेकावर अवलंबून राहते. आणि दिल्ली वा मुंबईपर्यंत पोहोचणारे किती? जो पोहोचत नाही त्याला तहसीलदार 'सानुग्रह अनुदान' देतो. सानुग्रह म्हणजे कृपा. आम्हाला कृपा नको, हक्क हवा.

दुसरा प्रश्न याहून खोल आहे. भरपाई मोजायची कशी? १८५५ चा प्राणघातक अपघात कायदा आजही लागू आहे. वारसांचे जे आर्थिक नुकसान झाले, ते त्याचे माप. म्हणजे मृताची कमाई जेवढी, तेवढी त्याच्या जीवाची किंमत! पण ही कमाई कोणी ठरवली? जातीने काम ठरवले, कामाने मजुरी ठरवली आणि मजुरीने मरणाची किंमत ठरवली. मनूचा कायदा गेला, पण त्याची तागडी न्यायालयाच्या टेबलावर तशीच राहिली. या हिशोबात गरिबाचा जीव घेणे स्वस्त पडते. मग यंत्र कोण विकत घेईल?

ही तागडी मोडता येते, हे न्यायालयांनीच दाखवले आहे. दिल्लीच्या ओलियम वायुगळती प्रकरणात १९८६ साली सर्वोच्च न्यायालय म्हणाले की, धोकादायक उद्योग जितका मोठा, तितकी भरपाई मोठी. म्हणजे माप बळीच्या मजुरीचे नव्हे, अपराध्याच्या ऐपतीचे. २०१४ च्या सफाई कर्मचारी आंदोलन खटल्यात १९९३ पासून गटारात मेलेल्या प्रत्येकाच्या वारसाला सरसकट १० लाख ठरले. पगार विचारला नाही, वय विचारले नाही. २० ऑक्टोबर २०२३ च्या बलराम सिंग निकालात ही रक्कम ३० लाख झाली. कायमच्या अपंगत्वासाठी किमान २० लाख ठरले. एक माणूस, एक मूल्य हे बाबासाहेबांचे तत्त्व इथे रुपयात उतरले.

म्हणून आमची मागणी स्पष्ट आहे. अपकृत्य हा विषय समवर्ती सूचीत आहे. दिल्लीकडे बोट दाखवण्याचे कारण नाही, महाराष्ट्र विधिमंडळही कायदा करू शकते. त्यात सार्वभौमत्वाची सबब रद्द व्हावी; प्रत्येक जीवाला समान किमान भरपाई असावी; कंत्राटदार नेमून महापालिकेला हात झटकता येऊ नयेत; आणि भरपाई ठराविक मुदतीत जिल्ह्यातच मिळावी. तिजोरी रिकामी होईल, अशी भीती घातली जाते. तिजोरी वाचवायची असेल तर माणसे मारणे थांबवा!

कायदा होईपर्यंत कार्यकर्त्यांनी हातावर हात ठेवून बसू नये. मृत्यू झाला की ठेकेदार काही हजार हातावर टेकवतो आणि स्टॅम्प पेपरवर अंगठा घेतो. तो अंगठा देऊ नका. दिला असला तरी घाबरू नका, मूलभूत हक्क अशा कागदाने सोडून देता येत नाहीत. एफआयआरमध्ये २०१३ च्या कायद्याबरोबर ॲट्रॉसिटीची कलमे लावून घ्या. १८५५ च्या कायद्याखालील दाव्याला मृत्यूपासून दोनच वर्षांची मुदत आहे, ती चुकवू नका. अनुसूचित जाती-जमातींना विधी सेवा प्राधिकरणाचा वकील मोफत मिळतो, तो मागा. आणि आमच्या वकील बांधवांनी जयंतीच्या व्यासपीठावर भाषण करण्याबरोबरच वर्षाला असा एक तरी दावा विनामूल्य लढवावा.

दीडशे वर्षांपूर्वी एका घोड्याच्या जखमेची भरपाई सरकारने दिली. आमच्या माणसाच्या मरणाची भरपाई तेवढ्याच हक्काने मागायला आम्ही आज तरी शिकणार आहोत की नाही?