अटकपूर्व जामिनाची तारीख आपल्याला कोण सांगणार?



पाड्यापाड्यात एक बोलणं सारखं कानावर येतं. "ॲट्रॉसिटी लावून काय उपयोग? तो तर अटकपूर्व जामीन घेऊन नाक्यावर चहा पीत बसलाय." बसतो, हे खरं. पण कायदा त्याला बसवत नाही. कायद्याचं कलम १८ सरळ सांगतं की या गुन्ह्यात अटकपूर्व जामीन नाही.

मग मिळतो कसा? फिर्यादीवरून वरवर बघता गुन्हाच दिसत नसेल तर कलम १८ आडवं येत नाही, असं सुप्रीम कोर्टाने १० फेब्रुवारी २०२० ला सांगितलं. फट एवढीच. पैसेवाले त्या फटीतून बैलगाडी काढतात. वकील उभा राहतो : शिवी कुणी ऐकली नाही, भांडण जमिनीचं आहे, केस खोटी आहे. आणि आपण? आपल्याला तारीखच माहीत नसते.

धाराशिव जिल्ह्यातलं परंडा बघा. नोव्हेंबर २०२४ ची विधानसभा निवडणूक. आपल्या मनासारखं मत दिलं नाही म्हणून मातंग कुटुंबाला घराबाहेर जातीवरून शिव्या, लोखंडी गजाने मार, घर जाळायची धमकी, अशी फिर्याद. परंड्याच्या कोर्टाने अटकपूर्व जामीन नाकारला. हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठाने दिला. १ सप्टेंबर २०२५ ला सुप्रीम कोर्टाने तो रद्द केला. म्हणाले, जामिनाच्या वेळी छोटा खटला चालवायचा नाही, फिर्यादीत गुन्हा दिसतो का एवढंच बघायचं. घराबाहेरची जागा लोकांच्या नजरेतलीच. न्याय मिळाला, पण घटनेपासून नऊ महिन्यांनी, आणि दिल्लीपर्यंत जाऊन.

मी सध्या कामाला सीवूड्सला असतो. आपली कातकरी, ठाकर पोरं इथे सोसायट्यांच्या गेटवर उभी असतात, बाया धुणीभांडी करतात. गेटवर जातीवरून शिवी दिली तर म्हणतात, ही खाजगी जागा, केस होत नाही. साफ खोटं. गेटजवळ उभ्या गाडीपाशी दिलेली शिवी लोकांच्या नजरेतली, हे सुप्रीम कोर्टाने २००८ लाच सांगितलंय. जागा कुणाच्या मालकीची हा प्रश्न नाही, लोकांना दिसतं-ऐकू येतं का हा प्रश्न आहे. तेच पाड्यातल्या अंगणाला, तेच शेताच्या बांधाला.

"जमिनीचं भांडण आहे" ही दुसरी पळवाट. २६ जानेवारी २०१६ पासून कलम ३(१)(जी) मध्ये वनहक्काचं नाव घालून लिहिलंय. आदिवासीला त्याच्या जमिनीवरून बेकायदा हुसकावणं, वनहक्क उपभोगू न देणं, हाच ॲट्रॉसिटीचा गुन्हा. प्लॉटवरून हाकललं आणि जातीवरून शिवी दिली तर गुन्हे दोन झाले. फिर्यादीत दोन्ही आले पाहिजेत.

खोट्या केसेसची ओरड नवी नाही. कराडच्या फार्मसी कॉलेजातल्या एका केसवरून २० मार्च २०१८ ला सुप्रीम कोर्टाने अटकेआधी परवानगी आणि गुन्ह्याआधी चौकशीची अट घातली. २ एप्रिलला देश बंद झाला. ऑगस्टमध्ये संसदेला कलम १८-अ आणावं लागलं. पुढच्या वर्षी कोर्टाने स्वतःचेच ते आदेश मागे घेतले. रस्त्यावर उतरलो म्हणून कायदा वाचला. आता तो कोर्टात वाचवायचाय.

म्हणून हे पाठ करा :

१) फिर्यादीत जागा, वेळ, शिवीचा नेमका शब्द, आणि ऐकणारे कोण, हे लिहून घ्या. "जातीवाचक शिवीगाळ केली" एवढ्यावर सही नको.

२) सहीआधी फिर्याद वाचून दाखवणं आणि तिची प्रत देणं हे पोलिसांचं काम आहे. मुद्दाम टाळलं तर अधिकाऱ्यावर कलम ४.

३) कलम १५-अ : जामिनाच्या तारखेची नोटीस आपल्याला मिळाली पाहिजे, कोर्टाने आपलं ऐकलं पाहिजे. हे बंधनकारक आहे, असं सुप्रीम कोर्टाने २०२१ ला सांगितलंय. पोलीस स्टेशनला आणि सरकारी वकिलाला लेखी अर्ज द्या, पोच घ्या.

४) तारखेला फिर्यादी एकटा जाणार नाही. अख्खा पाडा जाईल.

आरोपीच्या मागे वकिलांची फौज असते. आपल्या मागे निदान आपली माणसं असू देत. रिकाम्या बाकाकडे बघून कोर्टाला आपलं दुःख कसं कळणार?

जिंदाबाद!

— एक कार्यकर्ता, सीवूड्स