न उघडलेली दारे

४ जून २०२४ च्या दुपारी देशातील बहुतेक दुकानांत गल्ल्यापेक्षा दूरचित्रवाणीकडे अधिक लक्ष होते. तीनच दिवसांपूर्वी मतदानोत्तर चाचण्यांनी सत्ताधारी आघाडीला साडेतीनशेहून अधिक जागा देऊन टाकल्या होत्या. प्रत्यक्षात २९३ मिळाल्या. महाराष्ट्रातील ४८ जागांपैकी महाविकास आघाडीला ३०, महायुतीला १७ आणि सांगलीत एका अपक्षाला यश मिळाले. एका नामांकित चाचणी संस्थेच्या प्रमुखांना थेट प्रक्षेपणातच अश्रू आवरले नाहीत. सहा महिन्यांत विधानसभेची निवडणूक झाली. त्या वेळी बहुतेक चाचण्यांनी विजेता ओळखला, पण २८८ पैकी २३० जागा तीन पक्षांच्या पारड्यात पडतील, असे फार थोड्यांनी म्हटले होते. दोन्ही वेळा पेढीवरचा शेरा एकच होता : ‘आम्हाला कोणी विचारलेच नाही. चार लोकांना विचारून देशाचे मत कसे कळणार?’

या शेऱ्यात दोन वाक्ये आहेत, आणि त्यांचे मोल सारखे नाही. ‘चार लोकांना विचारून कसे कळणार’ हा आक्षेप व्यापाऱ्याच्या तोंडी तर शोभतच नाही. धान्याचा घाऊक व्यापारी शंभर पोती विकत घेताना प्रत्येक दाणा पाहत नाही. तो पोत्यात टोकदार नळी खुपसतो, मूठभर दाणे तळहातावर घेतो आणि भाव सांगतो. मात्र अनुभवी माणूस नळी केवळ वरच्या थरात घालत नाही. वरच्या थरात चांगला माल भरून ठेवलेला असू शकतो, हे त्याला ठाऊक असते. तो मधून घेतो, तळातून घेतो, मागच्या थप्पीतले पोतेही उघडायला लावतो. सर्वेक्षणाचे सारे शास्त्र या सवयीत आहे.

आकड्यांत सांगायचे तर, खरोखर चिठ्ठ्या टाकून निवडलेल्या हजार व्यक्तींना विचारले, तर शंभरातून पंचाण्णव वेळा उत्तर सत्याच्या तीन टक्के अलीकडे-पलीकडे येते. ते हजार जण उल्हासनगरातून निवडले काय किंवा साऱ्या भारतातून निवडले काय, या चुकीच्या मर्यादेत फारसा फरक पडत नाही. ही मर्यादा निम्म्यावर आणायची असेल, तर मात्र माणसे चौपट विचारावी लागतात. खर्चाचा हिशेब पाहणाऱ्याला हजारावर का थांबतात, हे तेवढ्यावरून उमगेल.

नमुना मोठा असूनही फसल्याचे उदाहरण अमेरिकेतले आहे. १९३६ च्या अध्यक्षीय निवडणुकीत ‘लिटररी डायजेस्ट’ या साप्ताहिकाने दूरध्वनीच्या आणि मोटारींच्या नोंदणीच्या याद्यांवरून सुमारे एक कोटी लोकांना मतपत्रे धाडली. वीस लाखांहून अधिक उत्तरे आली. त्यांवरून रूझवेल्ट पडणार, असे भाकीत छापले गेले; रूझवेल्ट सुमारे ६१ टक्के मतांनी निवडून आले. जॉर्ज गॅलप यांनी त्याहून कितीतरी लहान नमुन्यावरून विजेता बरोबर सांगितला होता. मंदीच्या त्या वर्षांत मोटार आणि दूरध्वनी असलेला वर्ग वेगळा होता, हे कारण नेहमी दिले जाते. ते खरेच आहे. पण पाऊण कोटी लोकांनी उत्तरच पाठवले नाही, याची चर्चा त्या मानाने कमी होते.

महाराष्ट्रात आणखी एक अडचण आहे. मतांचे प्रमाण बरोबर आले, तरी त्याचे जागांत रूपांतर करताना गणित घसरते. २०२४ च्या लोकसभेत दोन्ही आघाड्यांची मते जवळजवळ समान, ४३ ते ४४ टक्क्यांच्या घरात होती. जागा मात्र ३० आणि १७. मुंबई वायव्य मतदारसंघाचा निकाल तर ४८ मतांनी लागला. तेवढा सूक्ष्म फरक सांगणारा तराजू अद्याप कोणी घडवलेला नाही.

आता शेऱ्यातले पहिले वाक्य : ‘आम्हाला कोणी विचारलेच नाही.’ यात तथ्य किती, हे पाहण्यासाठी बदलापूरच्या पुढचे वांगणी हे स्थानक सोयीचे आहे. समजा, एका संस्थेने मतदारयादीतून ठरावीक अंतराने नावे उचलली आणि तिचा प्रश्नकर्ता सकाळी अकराला वांगणीस उतरला. त्या वेळी गावात कोण असेल? मुंबईला नोकरीस जाणारे कर्जत लोकलने केव्हाच गेलेले असतात. स्वस्त सदनिकेसाठी येथे आलेल्या नव्या कुटुंबांतील कमावती माणसे रात्रीशिवाय घरी नाहीत. आसपासच्या आदिवासी वाड्यांतील मजूर कामावर असतात. दार उघडतात ते बहुधा निवृत्त गृहस्थ आणि गृहिणी. यादीतील माणूस न भेटल्यास पुन्हा, तेही वेगळ्या वेळी जावे, हा नियम प्रश्नकर्त्याला शिकवलेला असतो. पण दिवसाच्या ठरलेल्या मुलाखती पुऱ्या करायच्या असतात आणि परतीची गाडीही गाठायची असते. मग यादीतील माणसाऐवजी समोर दिसेल त्याला विचारण्याचा मोह होतो. वरच्या थरातील दाणे हातात येतात ते असे.

वांगणीत शेकडो दृष्टिहीन कुटुंबे राहतात. त्यांतील अनेकांचा चरितार्थ लोकलच्या डब्यांत किरकोळ वस्तू विकण्यावर चालतो. त्यांच्या बाबतीत प्रश्न घरी भेटण्याइतकाच गुप्ततेचाही आहे. मतदानयंत्रावर ब्रेल लिपीतील क्रमांक असतात, हवा तर विश्वासातला सोबती नेता येतो. दिल्लीच्या ‘लोकनीती’सारख्या संस्था उत्तरदात्याच्या हाती चिन्हे छापलेली नकली मतपत्रिका देतात आणि ती घडी घालून पेटीत टाकायला सांगतात, जेणेकरून मत तोंडाने सांगावे लागू नये. युक्ती उत्तम आहे. पण ज्याला चिन्ह दिसत नाही, त्याला ते उच्चारावेच लागते. परक्या माणसासमोर, चाळीच्या पातळ भिंतीआड शेजारी ऐकत असताना.

व्यापाऱ्याचे मौन याहून निराळे असते. त्याला सारे दिसते, सारे समजते, आणि म्हणूनच तो बोलत नाही. गल्ल्यासमोर सर्व पक्षांची गिऱ्हाइके उभी असतात. ‘सगळेच चांगले आहेत, साहेब’ हे उत्तर सभ्य आहे, सुरक्षित आहे आणि सर्वेक्षणाच्या दृष्टीने शून्य आहे. न बोलणारे सर्व थरांत सारखे विखुरलेले असते, तर काही बिघडले नसते. तसे ते नसतात, आणि चाचण्या कोसळण्याच्या अनेक कारणांपैकी हे एक मोठे कारण आहे.

निवडणुकीचा अंदाज चुकला, तर चार दिवस हसण्यापलीकडे कोणाचे फारसे नुकसान होत नाही. सरकारी पाहण्यांचे तसे नाही. प्रशांतचंद्र महालनोबिस यांच्या प्रेरणेने १९५० मध्ये राष्ट्रीय नमुना पाहणी सुरू झाली. पुण्याच्या गोखले संस्थेतील वि. म. दांडेकर आणि नीळकंठ रथ यांनी १९७१ मध्ये ‘भारतातील दारिद्र्य’ हा गाजलेला अभ्यास मांडला, तो मुख्यतः याच पाहणीच्या आकड्यांवर. घरगुती खर्चाच्या पाहणीवरून महागाई निर्देशांकात कोणत्या वस्तूला किती वजन द्यायचे, हे ठरते. लहान दुकाने आणि कारखाने यांचीही स्वतंत्र पाहणी होते. तिचा कर्मचारी दारात आला की पहिली शंका जीएसटीची येते. वास्तविक, सांख्यिकी संकलन अधिनियम, २००८ नुसार ही माहिती केवळ सांख्यिकीय कामासाठी वापरता येते. जनगणनेच्या नोंदींनाही १९४८ च्या कायद्याने तसेच संरक्षण आहे. तरी सुखवस्तू घरांतून माहिती मिळणे अवघड जाते, हा अनुभव जुना आहे. २०२२-२३ च्या खर्च पाहणीत शहरी घरांचे गट पाडताना दाराशी खासगी मोटार आहे की नाही, हे मुद्दाम पाहिले गेले, जेणेकरून अशी घरे नमुन्यातून निसटू नयेत.

मोजणी सर्वांची असली, तरी उत्तरावर भिस्त राहतेच. २०११ च्या जनगणनेत देशात सुमारे ४४.५ लाख आणि महाराष्ट्रात सुमारे १४ लाख जैन नोंदले गेले. हा आकडा कमी आहे, ही तक्रार समाजाच्या सभांतून नेहमी होते. परंतु प्रगणक दारात असताना धर्माच्या रकान्यात काय सांगितले गेले, आणि लिहिलेले वाचून कोणी पाहिले का, याची विचारपूस त्या सभांत क्वचितच होते.

नमुना पाहणीत निवडलेल्या घराने माहिती दिली नाही, तर ते रिकामे राहत नाही. त्याच्या जागी त्याच गटातील दुसरे घर घेतले जाते आणि बदलाचे कारण पत्रकात अंकाने नोंदवले जाते : माहिती देणारा कामात होता म्हणून १, घरातील माणसे बाहेरगावी म्हणून २, सहकार्य केले नाही म्हणून ३. पुढची सारी बेरीज त्या दुसऱ्या घराच्या उत्तरांवर चालते.